बूव्हे बेटाला हे नाव कसं मिळालं? तिथे कोणी राहतं का?

नाही, कोणीच राहत नाही. दक्षिण अटलांटिकमधलं हे जेमतेम 49 चौरस किलोमीटरचं ज्वालामुखी बेट आहे. त्याचा 90 टक्क्यांहून जास्त भाग हिमनदीखाली आहे आणि किनारे इतके उभे, की बोट लावायला धड जागा नाही. अंटार्क्टिकाच सुमारे 1,700 किलोमीटर दूर, मग शेजारी कुठला!

नावाची गोष्ट मात्र मजेशीर आहे. 1 जानेवारी 1739 रोजी फ्रेंच दर्यावर्दी बूव्हे द लोझिए याला धुक्यातून हा कडा दिसला. येशूच्या सुंतेचा सण त्याच तारखेला येतो, म्हणून त्याने नाव ठेवलं 'सुंतेचं भूशिर'. भूशिर, कारण हा दक्षिणेकडच्या मोठ्या खंडाचा कोपरा आहे असं त्याला वाटलं! त्यात नोंदवलेलं स्थानही चुकलं. पुढे कॅप्टन कुकने आपल्या दुसऱ्या सफरीत शोधूनही बेट सापडलं नाही. 1825 मध्ये नॉरिस या ब्रिटिश व्हेल-शिकारी जहाजाच्या कप्तानाने तेच बेट 'लिव्हरपूल' म्हणून नकाशावर आणलं, वर जवळच 'थॉम्पसन' नावाचं आणखी एक बेट पाहिल्याची नोंद केली. ते आजतागायत कोणालाही सापडलेलं नाही. बूव्हेचं नेमकं स्थान ठरलं ते थेट 1898 मध्ये, 'वाल्डिव्हिया' या जर्मन जहाजामुळे.

1927 मध्ये नॉर्वेच्या मोहिमेने तिथे झेंडा रोवला आणि पहिल्या शोधकाचं नाव कायम केलं: 'बूव्हेओया'. 'ओया' म्हणजे नॉर्वेजियन भाषेत बेट. त्यामुळे 'बूव्हेओया बेट' म्हणणं म्हणजे आपल्या 'लेडीज बाई'सारखंच!