माकडतापाला हे नाव का पडले, आणि ‘ताप’ हा शब्द आजाराबाहेर कसा वापरतात?

सिंधुदुर्गातील दोडामार्ग तालुक्यात २०१६ मध्ये ऐन काजूच्या हंगामात पसरलेल्या या तापाचे मूळ नाव क्यासनूर वनज्वर असून, कर्नाटकातील शिमोगा जिल्ह्यातल्या त्या नावाच्या जंगलात तो १९५७ मध्ये प्रथम ओळखला गेला. रानात माकडे मरून पडू लागली की रोग जवळ आल्याचे कळते, म्हणून हे नाव रूढ झाले. प्रत्यक्षात विषाणू माणसापर्यंत पोहोचवते ती गोचीड, त्यामुळे माकडावरचा हा आळ काहीसा अन्यायाचाच आहे. डेंग्यूला हाडमोड्या ताप म्हणतात, ते मात्र सोसणाऱ्याला पुरेपूर पटते. आजाराबाहेर पाहिल्यास, निवडणुकीचा किंवा क्रिकेटचा चढतो तो ‘ज्वर’, आणि डोक्याला होतो तो ‘ताप’, म्हणजे निव्वळ कटकट.