ऑटॉक्थनस: इथलं म्हणजे नेमकं कुठलं?

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

तिसऱ्या प्रकरणाचा मसुदा वाचला. लोणारच्या गाळातल्या सेंद्रिय कार्बनाबद्दल लिहिताना ‘ऑटॉक्थनस’ हे विशेषण तू जवळजवळ प्रत्येक पानावर वापरलं आहेस. भूशास्त्राच्या सरांनी त्याच्याखाली लाल रेघ ओढली, सरोवरशास्त्राच्या मॅडमना त्यात काहीच खटकलं नाही, आणि तुझ्या डॉक्टर भावाच्या मते तो शब्द मलेरियाच्या रुग्णांसाठी आहे. यांतलं बरोबर कोण, असं तू विचारतेस. तिघंही बरोबर आहेत. तुझं काम एवढंच, की तुझ्या प्रत्येक वाक्यात हा शब्द यांपैकी कुणाच्या अर्थाने आलाय ते तुला सांगता आलं पाहिजे. सध्या ते सांगता येत नाही, म्हणून हे लांबलचक पत्र.

मूळ ग्रीक. ‘ऑटोस’ म्हणजे स्वतः आणि ‘क्थोन’ म्हणजे भूमी. जे त्या मातीतूनच उपजलं ते ऑटॉक्थनस. बाहेरून आलेलं ते ॲलॉक्थनस. शब्दकोश इथे थांबतो आणि विद्यार्थीही तिथेच थांबतात. पण ‘इथे उपजलेलं’ म्हटलं की लगेच विचारायला हवं: काय उपजलं? ‘इथे’ची हद्द कुठली? आणि हे तुला कशावरून कळलं? प्रत्येक शास्त्राने या प्रश्नांची आपापली उत्तरं ठरवून घेतली आहेत आणि ती एकमेकांशी जुळत नाहीत.

भूशास्त्रापासून सुरू करते, कारण लाल रेघ तिथून आली आहे. भूशास्त्रज्ञाला खडक कुठे तयार झाला यापेक्षा तो तिथून हलला का, यात रस असतो. स्वित्झर्लंडमधल्या ग्लारुसच्या डोंगरांत व्हेरुकानो नावाचा फार जुना खडक त्याच्याहून कितीतरी तरुण खडकावर बसलेला दिसतो, आणि दोघांच्या मधली रेघ कड्यावर लांबूनसुद्धा ओळखता येते. आर्नोल्ड एशर आणि त्यांच्यामागून आल्बर्ट हाइम या स्विस भूशास्त्रज्ञांनी समोरासमोरच्या दोन घड्या कल्पून हे कोडं सोडवायचा प्रयत्न केला. १८८४ मध्ये मार्सेल बेर्त्रां या फ्रेंच भूशास्त्रज्ञाने, तो भाग स्वतः न पाहता, हाइम यांच्याच नकाशांवरून आणि छेदचित्रांवरून वेगळं उत्तर दिलं: वरचा अख्खा थर दक्षिणेकडून सरकत आला आहे. आज ते सरकणं निदान ३५ किलोमीटरचं मानतात. मग वरचा तो ॲलॉक्थनस आणि खालचा, जागेवरच राहिलेला, ऑटॉक्थनस. थोडासाच हललेला असेल तर त्याला ‘पॅराऑटॉक्थनस’ म्हणतात. आपले भूशास्त्रज्ञ दाराशॉ वाडिया यांनी काश्मीर हिमालयाची मांडणी केली तीही याच भाषेत: पुढचा भूभाग, मग ऑटॉक्थनस घड्यांचा पट्टा, आणि त्यावर सरकून आलेला काश्मीरचा नॅप, म्हणजे खडकांचा अख्खा थर. आता सरांच्या नजरेने तुझं वाक्य वाच: ‘लोणारचा ऑटॉक्थनस गाळ’. त्यांच्या मनात पहिला प्रश्न येणार, गाळ काय डोंगरासारखा सरकला होता का? रेघ त्यासाठी आहे.

भूशास्त्रातच आणखी एक घर आहे, कोळशाचं, आणि ते तुझ्या विषयाच्या जास्त जवळचं आहे. कोळसा झालेली झाडं तिथेच वाढली की पुराबरोबर वाहत येऊन साचली? ग्लासगोच्या व्हिक्टोरिया पार्कमध्ये १८८७ साली दगड झालेले बुंधे सापडले. ते उभेच्या उभे होते आणि मुळं खालच्या थरात पसरलेली होती. तिथे शंकेला जागा नाही, कारण मूळ हाच पुरावा. आपल्याकडच्या गोंडवन कोळशाबद्दल मात्र, आणि त्यात चंद्रपूर-वणीकडचा वर्धा खोऱ्यातला कोळसाही आला, वाद पुष्कळ वर्षं चालला. थरांखाली मुळांची माती फारशी दिसत नाही आणि कोळशात राख, म्हणजे मिसळलेली माती, भरपूर, म्हणून झाडं वाहून आली असं एक मत. हा कोळसा ज्या नामशेष झाडांचा, त्या ग्लॉसॉप्टेरिसची मुळं, ज्यांना व्हर्टेब्रारिया म्हणतात, जागच्या जागी सापडतात, हा दुसऱ्या बाजूचा मुद्दा. शेवटी मधला शब्द वापरात आला, ‘हायपॉटॉक्थनस’: त्याच दलदलीतलं, पण जरासं हललेलं. हा मधला शब्द लक्षात ठेव. लोणारच्या काठावरचा चिखल घसरून मध्यभागी गेला असेल, तर तुलाही असंच मधलं काहीतरी लागेल.

आता सरोवर. इथे मला सावकाश लिहायचं आहे.

सरोवरशास्त्रात हद्द म्हणजे काठ. पाण्यातल्या शैवालांनी आणि पाणवनस्पतींनी बनवलेलं सेंद्रिय द्रव्य ऑटॉक्थनस. पाणलोटातून आलेला पालापाचोळा, माती, शेण हे ॲलॉक्थनस. लोणारचं विवर सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं आहे. त्यातून पाणी बाहेर जायला वाट नाही, सामू १० च्या आसपास, आणि उतारांवर जंगल. म्हणजे दोन्ही प्रकारचा माल त्याच खळग्यात उतरतो आणि तिथेच राहतो. तू कार्बन-नायट्रोजन गुणोत्तर काढलंस हे उत्तम केलंस. शैवालात प्रथिनं जास्त, म्हणून ते गुणोत्तर साधारण ४ ते १० राहतं. जमिनीवरच्या झाडांत सेल्युलोज आणि लिग्निन जास्त, म्हणून ते २० च्या वर जातं. एवढ्यावर तुझा निष्कर्ष उभा राहू शकतो, पण त्याला जोड म्हणून तू कार्बनाच्या समस्थानिकांचा, म्हणजे त्याच्या हलक्या आणि जड अणूंच्या प्रमाणाचा, आधार घेतला आहेस, आणि तिथे मला काळजी वाटते.

इतक्या अल्कधर्मी पाण्यात विरघळलेला मुक्त कार्बन डायऑक्साइड फार थोडा उरतो. शैवालं मग बायकार्बोनेट वापरतात, आणि त्यांच्या शरीरातला कार्बन नेहमीच्या गोड्या पाण्यातल्या शैवालांपेक्षा जड होतो. त्या प्रमाणाचा आकडा मग ज्वारीसारख्या किंवा उन्हाळी प्रदेशातल्या गवतांच्या आकड्याजवळ जाऊन बसतो. म्हणजे पाण्यात जन्मलेलं द्रव्य कागदावर काठावरच्या गवतासारखं दिसू शकतं. गाळाच्या ज्या दोन पट्ट्यांत तू ‘ॲलॉक्थनस वाढलं’ असं लिहिलं आहेस, तिथे गुणोत्तर मात्र कमीच आहे. तो तक्ता परत बघ. मला तरी तिथे गवत वाढलेलं न दिसता पाणी जास्त खारं झालेलं दिसतं.

आणि याहून खोल गोष्ट. समजा उतारावरचं सागाचं पान पाण्यात पडलं. ते कुजलं, त्यातला कार्बन पाण्यात विरघळला, आणि तोच एका नीलहरित शैवालाने उचलून आपली पेशी बांधली. ती पेशी गाळात बसली आणि तुझ्या नमुन्यात आली. ती ऑटॉक्थनस की ॲलॉक्थनस? रेणू सरोवरात जन्मला, अणू जंगलातून आला. सरोवरशास्त्रात उत्तर ठरलेलं आहे: जिथे प्रकाशसंश्लेषण झालं ते जन्मस्थान, म्हणून ती पेशी ऑटॉक्थनस. पण हे ठरवून घेतलेलं उत्तर आहे, आणि ते प्रबंधात एकदा, पहिल्याच पानावर, शब्दांत लिहिलं पाहिजे. मिशिगनमधल्या छोट्या तलावांत मायकेल पेस आणि सहकाऱ्यांनी हा गुंता सोडवायला फार देखणा प्रयोग केला. त्यांनी अख्ख्या तलावात जड कार्बनाचं बायकार्बोनेट घातलं, म्हणजे पाण्यात नव्याने बनणाऱ्या द्रव्यावर खूण उमटली आणि किनाऱ्यावरून येणारं बिनखुणेचं राहिलं. २००४ मध्ये निष्कर्ष छापून आले: प्राणिप्लवकांच्या, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या बारीक प्राण्यांच्या, शरीरातला २२ ते ५० टक्के कार्बन जमिनीवरून आलेला होता. पाण्यात जन्मणारे, पाण्यातच मरणारे जीव, आणि निम्म्यापर्यंत ते काठावरच्या झाडांचे बनलेले! जीव इथला म्हणून त्याचा कार्बनही इथला, असं गृहीत धरणाऱ्या प्रत्येकाने हा निबंध वाचावा असं मला मनापासून वाटतं.

तुझ्या भावाचा अर्थ तर आणखी निराळा. साथरोगशास्त्रात प्रश्न असतो फक्त संसर्ग कुठे झाला याचा. रुग्ण कुठला, विषाणू कुठला, डास कुठला, याचा त्या विशेषणाशी संबंध नाही. इटलीत रावेन्नाजवळच्या गावांमध्ये २००७ साली चिकुनगुन्याची साथ आली, दोनशेच्या वर रुग्ण झाले. विषाणू केरळहून आलेल्या एका प्रवाशाबरोबर पोचला होता. तो पसरवणारा टायगर डास मूळचा आशियातला, काही वर्षांपूर्वी जुन्या टायरांच्या व्यापारातून इटलीत शिरलेला. त्यात इटलीचं काय होतं? डासाने घेतलेला चावा तेवढा. तरीही ते सगळे रुग्ण ऑटॉक्थनस, आणि तसं म्हणणं अगदी बरोबर आहे. मलेरियात जागतिक आरोग्य संघटना आणखी बारीक चाळते: बाहेरून संसर्ग घेऊन आलेला रुग्ण वेगळा, त्याच्यापासून इथल्या डासामार्फत थेट लागण झालेला वेगळा, आणि बाहेरच्या कुठल्याही रुग्णाशी दुवा न सापडणारा वेगळा. शेवटचे दोन्ही ऑटॉक्थनस. पण देशाला मलेरियामुक्त ठरवताना सलग तीन वर्षं शून्य मोजतात ते फक्त तिसऱ्या प्रकारच्या रुग्णांचं. एका विशेषणाच्या पोटातल्या या दोन खान्यांवर अख्ख्या देशाचं प्रमाणपत्र अवलंबून असतं.

शरीरशास्त्रातला वापर मला सगळ्यांत आवडतो. जर्मन परंपरेत पाठीच्या खोल स्नायूंना ‘पाठीचे ऑटॉक्थनस स्नायू’ म्हणतात. कण्याच्या दोन्ही बाजूंना हाताला लागतात ते उभे पट्टे म्हणजे हेच. त्यांच्यावर पसरलेला लॅटिसिमस डॉर्साय हा रुंद स्नायू पाठीवरच असतो, पण तो पाठीचा धरत नाहीत. का? त्याचा मज्जातंतू पाहा. खोल स्नायूंना मेरुमज्जेतून निघणाऱ्या तंतूंची मागची फांदी जाते. लॅटिसिमसला हाताकडे जाणाऱ्या जाळ्यातून तंतू येतो. गर्भाच्या वाढीत तो स्नायू हातासाठी तयार झाला आणि नंतर पाठीवर पसरला, येताना आपला तंतू बरोबर घेऊन आला. जागा बदलली तरी जोडणी मूळ ठिकाण सांगते. कोळशाला मूळ, स्नायूला मज्जातंतू, तुझ्या गाळाला गुणोत्तर. पुरावा काय, हे विचारायची सवय इथून लागते.

मनोविकारशास्त्रात कार्ल व्हेर्निके यांनी ‘ऑटॉक्थनस कल्पना’ म्हटलं ते अशा विचारांना, जे मनात आपोआप, आधीच्या कुठल्याही विचाराचा धागा नसताना उगवतात, आणि रुग्णाला ते स्वतःचे वाटतच नाहीत, परके वाटतात. शब्द तोच, आणि अनुभव पार उलटा. तुला याचा उपयोग नाही, पण संदर्भ शोधताना हे लेख समोर येतील तेव्हा गोंधळू नकोस.

कायद्यातही तो भेटेल. ऑक्सफर्डचे के. सी. व्हेअर यांनी राज्यघटनांसाठी हा शब्द रूढ केला: जी घटना आपला अधिकार परक्या संसदेच्या कायद्यातून घेत नाही, ती. आपल्या संविधानाच्या ३९५ व्या कलमाने १९४७ चा भारतीय स्वातंत्र्य कायदाच रद्द केला, म्हणजे ज्या कायद्याच्या आधाराने संविधान सभा काम करत होती तोच. संविधान गव्हर्नर जनरलच्या संमतीसाठीही पाठवलं नाही. धागा जाणूनबुजून तोडला. इथे ‘इथे उपजलेलं’ हा ठरवून केलेला दावा आहे, आणि तो करण्याचा हक्क लोकांना होता.

माणसांबद्दल मात्र हे विशेषण वापरताना हात आखडता घे. अथेन्सचे नागरिक स्वतःला ऑटॉक्थनस म्हणवत. बाकीचे ग्रीक कुठून कुठून आले, आम्ही याच मातीतले, असा त्यांचा अभिमान होता. त्याच शहरात इसवी सनपूर्व ४५१ मध्ये पेरिक्लीसने कायदा केला की आई आणि वडील दोघंही अथेन्सचे असतील तरच नागरिकत्व. गाळाबद्दल हा शब्द लिहिताना त्यात कौतुक नसतं. माणसांबद्दल लिहिताना ते न सांगता शिरतं. तुझ्या प्रस्तावनेत लोणारच्या परिसरातल्या वस्तीबद्दल जे एक वाक्य आहे, त्यातून तो काढून टाक. ‘पिढ्यान्‌पिढ्या इथे राहणारे’ एवढं पुरे आहे आणि खरंही आहे.

वनस्पतींच्या परिच्छेदात तू ‘प्रदेशनिष्ठ’ आणि ‘ऑटॉक्थनस’ एकाच अर्थाने वापरलं आहेस. तेही सोडव. प्रदेशनिष्ठ म्हणजे आज फक्त तिथेच आढळणारं. ते तिथेच उपजलं असं त्यातून निघत नाही. गिंकोचं झाड आज निसर्गतः फक्त चीनमध्ये उरलं आहे, पण त्याचे जीवाश्म युरोप-अमेरिकेतही सापडतात.

राहता राहिलं गेलुसाइट. गाळात सापडलेल्या त्या स्फटिकांना तू ऑटॉक्थनस म्हटलं आहेस. खनिज गाळातच, पाण्याच्या रसायनातून तयार झालं असेल तर त्याला ‘ऑथिजेनिक’ म्हणतात आणि सरांनाही तोच शब्द हवा आहे. लोणारच्या मध्यभागातून काढलेल्या सुमारे १० मीटरच्या गाभ्यात, म्हणजे गाळाच्या उभ्या नमुन्यात, गेलुसाइटचे थर कोरड्या काळांची खूण म्हणून वाचले गेले आहेत, कारण पाणी आटून फार खारं झाल्याशिवाय ते बनत नाही. आता तुझे ते दोन संशयित पट्टे या थरांशेजारी ठेवून बघ. जुळले, तर जड कार्बनाचं कारण गवत नसून खारं पाणी, ही माझी शंका बळकट होईल. नाही जुळले तर तुझं म्हणणं कायम ठेव आणि मला तसं कळव.

वाक्य कसं लिहावं असंही विचारलं होतंस. साधारण असं: ‘या पट्ट्यातलं सेंद्रिय द्रव्य मुख्यतः सरोवराच्या पाण्यातल्या प्रकाशसंश्लेषणातून आलेलं दिसतं (यापुढे: ऑटॉक्थनस), आधार, कार्बन-नायट्रोजन गुणोत्तर १० च्या खाली.’ एकदा असं बांधून घेतलंस की पुढे तो शब्द खुशाल वापर, लाल रेघ येणार नाही.

तक्ता दुरुस्त झाला की आधी तोच पाठव, बाकीचं प्रकरण मागून आलं तरी चालेल.

तुझी,
बाई