घर आमचं, प्रश्न तुमचे : आधी झडप बघा, मग कापड

प्रश्न : ताई नमस्कार, आमचा नारायण पेठेत जुना वाडा आहे. पानशेतच्या पुरात (1961) खालच्या मजल्याच्या भिंती गेल्या, त्या नंतर विटा-सिमेंटने बांधल्या, पण लाकडी सांगाडा उभा राहिला म्हणून वरची माडी वाचली आणि ती अजून मातीच्या भिंतींचीच आहे. माडीवर 4 खिडक्या आहेत, त्यातल्या 2 पश्चिमेला. मला रोमन ब्लाइंड (वर ओढले की आडव्या घड्या पडणारे पडदे) हवेत, नवऱ्याला ब्लॅकआउट रोलर (उजेड पूर्ण अडवणारे, नळीवर गुंडाळले जाणारे) हवेत, आणि सासूबाई म्हणतात आजेसासूबाईंच्या इरकली नऊवारी ट्रंकेत पडून आहेत त्यांचेच शिवा. दुकानातला मुलगा येऊन 2 मिनिटांत मापं घेऊन गेला. घरात 2 वर्षांची मुलगी आहे. काय करू?
– एक वाचक, पुणे

उत्तर : अगं ऑर्डर दिली नसशील तर देऊ नको, आणि दिली असशील तर आत्ता फोन करून थांबव, कारण 2 मिनिटांत जुन्या खिडकीचं माप होतच नाही. फ्लॅटच्या खिडकीचं होतं, तिला सरकत्या काचा असतात आणि चौकट बऱ्यापैकी सरळ असते. वाड्याच्या खिडकीला गज बाहेरच्या बाजूला, म्हणजे झडपा उघडणार आत, आणि तू चौकटीला चिकटून ब्लाइंड लावलास की झडप उघडायची कशी? हा प्रश्न कुणीच विचारत नाही. सगळे आधी कापडाचं कॅटलॉग उघडतात.

तर आधी टेप घे आणि फक्त 2 आकडे काढ. एका झडपेची रुंदी किती, आणि चौकटीपासून भिंतीच्या आतल्या कडेपर्यंत खोली किती. जुन्या भिंती जाड असतात, चौकट बहुतेक बाहेरच्या अंगाला बसवलेली असते, त्यामुळे आत चांगला कोनाड्यासारखा खळगा मिळतो (आम्ही लहानपणी त्यात बसून चिंचा खायचो). समजा झडप 20 इंचांची आहे आणि खळगा 22 इंच खोल आहे, तर झडपा आतल्या आत फिरतील आणि ब्लाइंड खळग्याच्या तोंडाशी मस्त बसेल. खोली कमी पडली तर ब्लाइंड भिंतीवर, खिडकीच्या वर लावावा लागेल, पण तिथेही एक मेख आहे. रोमन ब्लाइंड वर ओढला की त्याच्या घड्या कुठे जात नाहीत, 5 फुटांच्या कापडाची वर 8-10 इंचांची गठडी होते, ती झडपेच्या डोक्याच्या वर राहिली पाहिजे नाहीतर झडप रोज तिला घासणार. माडीची उंची कमी असते, तुळया लगेच डोक्यावर येतात, तेवढी जागा नसेल तर रोमनचा नाद सोड आणि प्रत्येक झडपेलाच वर-खाली बारीक पितळी नळी लावून त्यात कापड ताणून बसव, झडपेबरोबर पडदा फिरेल. मला विचारशील तर वाड्यात हेच जास्त शोभतं.

आता माप. जिथे ब्लाइंड लटकणार त्या जागीच घ्यायचं, कारण खळग्याच्या बाजू आत येताना फाकत जातात. रुंदी वर, मध्ये, खाली अशी 3 ठिकाणी, त्यातली सगळ्यात कमी धरायची आणि त्यातूनही अर्धा इंच कमी करायचा. उंची पण 3 ठिकाणी, तिथे सगळ्यात जास्त धरायची. मग कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत तिरकी 2 मापं. ती सारखी आली तर खिडकी गुण्यात (काटकोनात) आहे, नाही आली (येणार नाहीतच) आणि फरक अर्ध्या-पाऊण इंचाच्या वर असेल तर खळग्याच्या आत बसवूच नको, लेव्हल लावून बसवलेला सरळ ब्लाइंड तिरक्या चौकटीत वाकडा दिसतो आणि मग पुढची 10 वर्षं येणारा प्रत्येक पाहुणा "जरा तिरका आहे का हो" म्हणतो. त्यापेक्षा खळग्याच्या बाहेर, खोलीतल्या भिंतीवर, दोन्ही बाजूंना 2-3 इंच जास्त धरून लावला की चौकटीचा तिरकेपणा मागे झाकला जातो.

ब्लाइंड ठोकणार कशात हेही त्या मुलाने विचारलं नसेल. खाली विटा-सिमेंट आहे तिथे ड्रिल आणि प्लग चालेल, पण वर माडीच्या भिंतीतल्या पांढरीच्या मातीत प्लग धरतच नाही, भोक नुसतं मोठं होत जातं आणि एक दिवस अख्खा ब्लाइंड गिलाव्यासकट हातात येतो. खिडकीच्या वर लाकडी फळ्या किंवा चौकटीचं आडवं लाकूड सापडेल, स्क्रू त्यातच जाऊ दे. जुना सागवान फार कडक, आधी बारीक बिटने भोक पाडायचं, स्क्रूला साबण चोळायचा, आणि पितळी स्क्रू हवे असतील तर त्याच मापाचा लोखंडी स्क्रू आधी फिरवून काढायचा आणि मग पितळी घालायचा, नाहीतर पितळीची मान तुटते आणि अर्धा स्क्रू लाकडात कायमचा राहतो.

कापडाकडे येऊ. यजमानांना सांग, रबरासारखा थर दिलेलं ब्लॅकआउट कापड माडीवर नको. पावसाळ्यात मातीची भिंत ओल धरते, त्या कापडातून हवा खेळत नाही, मागे बुरशीचा वास धरतो, आणि पश्चिमेच्या उन्हात काही वर्षांत तो थर चिकट होऊन सुटायला लागतो. कुणी रात्रपाळी करून दिवसा झोपत असेल तर गोष्ट वेगळी. तुम्हाला जरा जाड सुती पुरे, इचलकरंजीचं साधं कापड किंवा जाडसर मांजरपाट, आणि मागे पांढऱ्या सुती कापडाचं अस्तर. अस्तर हवंच, ऊन आधी ते खातं, आणि घड्याही नीट पडतात. पडद्याच्या कापडाचा पन्हा बहुतेक 48 किंवा 54 इंच मिळतो त्यामुळे तुझ्या खिडकीला जोड लागायचा नाही. पण शिवायच्या आधी कापड आणि अस्तर दोन्ही रात्रभर भिजवून, वाळवून, इस्त्री कर. कोरं सुती 3 ते 5 टक्के सहज आटतं, 60 इंचांत 2-3 इंच झाले की! आणि दोन्ही वेगवेगळं आटलं तर पहिल्या धुण्यातच ब्लाइंडला फुगे येतात.

घड्यांमधल्या काड्या फायबरच्या किंवा अॅल्युमिनियमच्या माग. मी माझ्या घरी लोखंडी घेतल्या होत्या, दुकानदार म्हणाला पॉलिश आहे गंजणार नाही, पहिल्याच श्रावणात पांढऱ्या कापडावर तांबड्या आडव्या रेघा, 9 च्या 9. अजून तो ब्लाइंड मी माळ्यावरच्या सामानावर झाकायला वापरते.

सासूबाईंच्या साड्या. इथे मी जरा भांडणार आहे. इरकलीचं अंग सुती असू शकतं पण तो लाल टोपपदर रेशमाचा, आणि रेशीम उन्हात कुजतं. कापड दिसायला छान असतं आणि बोट लावलं की फाटतं. ट्रंकेतल्या घडीवर दोन अंगठ्यांनी हळूच ताणून बघ, चर्र आवाज आला तर ती साडी गेलेली आहे, तिला आता नुसतं मऊ कापडात गुंडाळून जपायचं. बरी असेल तरी पश्चिमेच्या खिडकीला अजिबात नाही. अंग सुती निघालं तर ते बाकीच्या 2 खिडक्यांना, अस्तर लावून, आणि काठ खालच्या पट्टीला. पदर कापू नका. तो घडी करून सासूबाईंच्या हातात द्या, बघा त्या काय म्हणतात.

पश्चिमेच्या 2 खिडक्यांचं खरं काम कापड करणारच नाही. ऊन काचेतून आत आलं की ब्लाइंड फक्त डोळ्यांवरची तिरीप अडवतो, गरमी घरातच राहते. दुपारनंतर सूर्य खाली उतरतो त्यामुळे छपराच्या वळचणीचाही उपयोग नसतो. गजांच्या बाहेर बांबूची चिक सोडता आली तर सोड, एप्रिल-मे मध्ये वाळ्याचा पडदा, मग तिथे आत ब्लाइंड पातळ ठेवलास तरी चालेल.

आणि सगळ्यात महत्त्वाचं शेवटी लिहितेय म्हणून ओरड मला. मुलगी 2 वर्षांची आहे, ब्लाइंडच्या लोंबत्या दोरीचा फास लहान मुलांच्या गळ्याला बसतो, गंमत नाही. दोरी नसलेला, खालच्या पट्टीला धरून वर ढकलायचा प्रकार मिळतो तो घे, नाही मिळाला तर दोरी गुंडाळायची खुंटी जमिनीपासून 5 फुटांच्या वर, आणि खिडकीखालची बाजेची जागा बदल.

प्रश्न : म्हापशाजवळ आमचं जुनं घर आहे, खिडक्यांना काचेऐवजी शिंपल्यांची तावदानं आहेत. त्यावर कुठलं ब्लाइंड चांगलं?

उत्तर : कुठलंच नाही हो! शिंपल्यातून ऊन गाळून दुधासारखं आत येतं, लोक हल्ली तसा उजेड पडावा म्हणून महागाची पातळ कापडं घेतात आणि तुमच्याकडे तो फुकट आहे. रात्री आडोसा हवा असेल तर खालच्या अर्ध्या भागाला पांढरा पातळ सुती पडदा, बस. पट्ट्यांमधले शिंपले सैल असतील तर आधी ते बसवून घ्या, ब्लाइंडची पट्टी आपटून ते तडकतात.

प्रश्न : दादरला 1930 च्या सुमाराची बिल्डिंग, लोखंडी चौकटीच्या खिडक्या बाहेर उघडतात. रोलर चालेल का?

उत्तर : चालेल, बाहेर उघडतात ना, मग तुम्ही सुटलात. फक्त चौकटीत भोकं पाडू नका, तिथूनच गंज सुरू होतो, वरच्या भिंतीत लावा. आणि आतल्या हँडलची दांडी किती पुढे येते ते मोजून तेवढा रोलर भिंतीपासून लांब घ्या, नाहीतर कापडाला बरोबर त्याच उंचीवर रोज ढुशी बसणार.