कॅमेऱ्यामागची स्त्री आणि फिल्म न्वार

प्रश्न : जुने 'फिल्म न्वार', म्हणजे गुन्हा, संशय आणि काळोखी छायाप्रकाश यांचे चित्रपट, पाहताना सारखे जाणवते की कॅमेरा पुरुषाच्या हातात असतो आणि स्त्री त्याच्यासमोर उभी असते. महत्त्वाकांक्षी स्त्री छायाचित्रकार हीच नायिका असलेला न्वार आहे का? 'आइज ऑफ लॉरा मार्स' या प्रकारात मोडतो का? – एक वाचक, नाशिक

उत्तर : आपले निरीक्षण अचूक आहे. चाळीस आणि पन्नासच्या दशकांतल्या अमेरिकी न्वारमध्ये स्त्रीचे छायाचित्र हा बहुधा पुरुषाच्या ताब्यातला ऐवज असतो. 'द बिग स्लीप'मध्ये (1946) मूर्तीच्या डोक्यात लपवलेल्या कॅमेऱ्याने कथेतल्या दोन बहिणींपैकी धाकटीचे छायाचित्र टिपले जाते आणि त्याच्या जोरावर पैसे उकळण्याचा व्यवहार सुरू होतो. 'लॉरा'मध्ये (1944) पोलीस अधिकारी ज्या तैलचित्रात गुंतत जातो, ते तर प्रत्यक्षात अभिनेत्री जीन टियर्नी हिचे मोठे केलेले छायाचित्रच होते. त्यावर तैलरंगाचा हलका हात फिरवून ते चित्रासारखे भासवले होते.

महत्त्वाकांक्षी छायाचित्रकाराची न्वारकथाही आहे, पण तिचा नायक पुरुष आहे. 1950 च्या 'शेकडाउन'मध्ये सॅन फ्रान्सिस्कोतला एक वृत्तछायाचित्रकार वर चढण्यासाठी माणसांचे संकट, गुन्हा, ओळख असे काहीही विकायला तयार होतो. शेवटी त्याच्यावर गोळी झाडली जाते, तेव्हा तो मारेकऱ्याचेच छायाचित्र टिपतो. त्याची नीती सडलेली असली, तरी नजर शेवटच्या क्षणापर्यंत त्याची स्वतःचीच राहते. हा तपशील लक्षात ठेवावा, कारण लॉरा मार्सच्या वाट्याला नेमके हेच येत नाही.

अर्विन कर्शनर दिग्दर्शित 'आइज ऑफ लॉरा मार्स' हा 1978 चा, म्हणजे न्वारचा मूळ काळ सरल्यानंतरचा चित्रपट आहे. त्यामुळे त्याला नवन्वार म्हणणे अधिक योग्य. फे डनवे हिने साकारलेली लॉरा ही न्यूयॉर्कमधली यशस्वी फॅशन छायाचित्रकार आहे. तिची छायाचित्रे हिंसा आणि सौंदर्य यांची सांगड घालतात, आणि त्यामुळे ती जितकी गाजते तितकीच टीकेची धनी होते. कोलंबस सर्कल या गजबजलेल्या चौकात जळत्या मोटारींपुढे फरचे कोट घातलेल्या मॉडेल्सना झटापट करायला लावून ती गुडघे फाकवून जमिनीलगत बसते आणि छायाचित्रे घेऊ लागते, तो प्रसंग मुद्दाम पाहावा. एवढ्या मोठ्या खटाटोपाची सूत्रे हाती धरून पुऱ्या एकाग्रतेने काम करणारी स्त्री, तेही तिच्या कामाकडे कौतुकाने वा संशयाने न पाहता, आधीच्या न्वारमध्ये मला आठवत नाही.

पुढे मात्र पटकथा तिच्याकडून तिचे मुख्य साधन काढून घेते. तिच्या जवळच्या माणसांचे खून होऊ लागतात आणि ते घडत असताना तिला खुन्याच्या डोळ्यांनी दिसू लागते. स्टुडिओतल्या व्हिडिओ कॅमेऱ्याच्या आणि पडद्याच्या साहाय्याने ती हे तपास अधिकाऱ्याला समजावून सांगते : तो दुसरा देखावा सुरू झाला की समोरचे जग नाहीसे होते आणि उरते ते फक्त त्या पडद्यावरचे. एका प्रसंगात खुनी तिच्याच मागावर असतो. ती धावते आहे, आणि तिला दिसते आहे ती स्वतःची पाठ, क्षणाक्षणाला जवळ येणारी. नजरेवर पोट आणि प्रतिष्ठा चालवणाऱ्या स्त्रीची भीती याहून नेमकी दाखवता येणार नाही.

माझी तक्रार वेगळीच आहे. 'तू असली छायाचित्रे का काढतेस?' असे लॉराला वारंवार विचारले जाते, आणि कथानक हळूहळू असे वळण घेते की ती छायाचित्रे जणू तिच्या मनातून आलेलीच नव्हती. 'शेकडाउन'चा नायक निदान आपल्या पापांचा स्वतः धनी होता. लॉराला तिच्या कलेचे श्रेयसुद्धा निर्विवादपणे मिळत नाही. खुनी कोण हे मी सांगत नाही, परंतु ते कळल्यावर ही खंत अधिकच बोचते.

प्रश्न : आपल्याकडे अशा कथेला आधार देणारी व्यक्ती होती का? – एक वाचक, पुणे

उत्तर : न्वारची गुन्हेगारी बाजू सोडून केवळ नजरेच्या मालकीचा विचार केला, तर होमाय व्यारावाला यांचे नाव घ्यावे लागेल. 1913 मध्ये नवसारीला जन्मलेल्या आणि मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेल्या होमायबाई भारतातल्या पहिल्या स्त्री वृत्तछायाचित्रकार मानल्या जातात. त्यांची सुरुवातीची काही छायाचित्रे पती माणेकशा यांच्या नावाने प्रसिद्ध झाली, आणि पुढे त्यांनी 'डालडा 13' हे टोपणनाव घेतले. छायाचित्र स्त्रीचे आणि खाली नाव पुरुषाचे, ही गोष्ट मुंबईत खरोखर घडलेली आहे.

प्रश्न : लॉराची म्हणून दाखवलेली छायाचित्रे नेमकी कोणी काढली होती? – एक वाचक, डोंबिवली

उत्तर : त्यांत हेल्मुट न्यूटन या प्रख्यात फॅशन छायाचित्रकाराचा वाटा मोठा आहे, आणि त्याच्या जोडीला रिबेका ब्लेक या स्त्री छायाचित्रकाराचेही काम आहे. चर्चा सहसा न्यूटनचीच होते, आणि त्यामुळे पडद्यावरच्या स्त्रीची नजर ही मुळात एका पुरुषाची नजर होती, असा आक्षेप घेतला जातो. तो मला पूर्ण चुकीचा वाटत नाही. पण त्याच्या मागे आणखी एक पिढी आहे, तिच्याकडे दुर्लक्ष होते.

न्यूटनचा जन्म 1920 चा, बर्लिनमधल्या ज्यू कुटुंबातला. किशोरवयात तो ज्या स्टुडिओत उमेदवारी करत होता, तो एका स्त्रीचा होता. एल्से नॉयलेंडर-सिमोन हे तिचे नाव. 'इवा' या नावाने ती काम करी, आणि फॅशन व जाहिरातींच्या छायाचित्रणात बर्लिनमध्ये तिचा मोठा दबदबा होता. प्रकाश कसा पाडायचा, कपड्यापलीकडे जाऊन छायाचित्रातून एखादा प्रसंग कसा सुचवायचा, हे शिकण्याच्या वयात न्यूटन तिच्या हाताखाली होता. नाझी राजवटीने ज्यू म्हणून तिचा व्यवसाय बंद पाडला. न्यूटनने 1938 मध्ये जर्मनी सोडली. इवा मागे राहिली. 1942 मध्ये तिला पकडून पूर्वेकडच्या छावणीत पाठवण्यात आले आणि ती परत आली नाही.

म्हणून लॉरा मार्सची छायाचित्रे पाहताना मी न्यूटनपाशी थांबत नाही. इवाने काढलेली छायाचित्रे आजही उपलब्ध आहेत. ती एकदा शांतपणे पाहावीत आणि मग चित्रपटातला कलादालनाचा प्रसंग पुन्हा लावावा, असे मी आपणांस मनापासून सुचवतो.