आवाज गेलेला नाही, चालू ठेवा

'क्लोज-अपच्या शेवटी आवाज तुटतोय, दुसरी कॉपी शोधू का?' तुमच्या चित्रपट मंडळात इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामीचे सिनेमे लावायच्या तयारीत त्याच्या 'क्लोज-अप' सिनेमाबद्दल तुम्ही विचारलेलं हे वाचलं आणि पोटात गोळाच आला. नका शोधू. तो आवाज किआरोस्तामीनेच तोडलाय.

आमच्या चित्रपट मंडळात मी हाच घोळ घातला होता. सिनेमा आधी शेवटपर्यंत बघितला नव्हता, ही चूक माझीच. आपण दिग्दर्शक मखमलबाफ असल्याची बतावणी करणारा सब्झियान तुरुंगातून सुटतो, खरा मखमलबाफ त्याला मोटरसायकलवरून घेऊन जातो, आणि नेमका तिथे माइक खरखरायला लागतो. मी ऑपरेटरला हात केला, दिवे लावले आणि माइकवरून चक्क माफी मागितली. घरी हेडफोन लावून ऐकलं, तर सिनेमातलं युनिटच आपल्या माइकच्या नावाने कुरकुरत होतं!

सभागृहाच्या कार्यालयाने भाडं पूर्ण घेतलंच, वर माइकचे पैसे वेगळे लावले. 'अर्ज द्या, बघू' म्हणून तीनदा परत पाठवलं. असो, जखम जुनी आहे.

तुमच्या मंडळातले ते गृहस्थ म्हणतात की किआरोस्तामीचे सगळे सिनेमे एकाच छापाचे. मी अभ्यासक नाही, पण हे काही पटलं नाही. माणूस चित्रकला शिकलेला. आधी जाहिराती केल्या, 'कैसर' या इराणी सिनेमाची श्रेयनामावली केली, मग 'कानून' या बालसंस्थेत मुलांसाठी सिनेमे काढले. 2002 चा 'टेन' अख्खा गाडीत घडतो, 2008 च्या 'शिरीन'मध्ये पडदा दिसतच नाही, दिसतात त्या फक्त तो बघणाऱ्या बायका. पुढे 2010 ला इटलीत आणि 2012 ला जपानमध्ये सिनेमा केला. शिवाय कविता आणि फोटो आहेतच. इराणी दिग्दर्शक पनाहीच्या 'व्हाइट बलून'ची पटकथाही त्याचीच.

सुरुवात 1970 च्या 'ब्रेड अँड अ‍ॅली'ने करा, असं माझं मत (तुमचा प्रेक्षक तुम्हाला जास्त माहीत). हातात रोटी घेतलेला पोरगा आणि गल्लीत वाट अडवून बसलेला कुत्रा, बस. सबटायटल्सची कटकटही नाही. 'टेस्ट ऑफ चेरी'ला 1997 ला कान चित्रपट महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं म्हणून तो पहिल्याच दिवशी लावू नका, निम्मं सभागृह घोरेल. लावलाच, तर शेवटी चित्र एकदम व्हिडिओसारखं भुरकट होतं, तेव्हाही हात आवरा.

आणि ऑपरेटरला चिठ्ठी लिहूनच द्या. तोंडी सांगितलेलं त्याच्या लक्षात राहत नाही, तो चहाला गेलेला असतो.