सूचना चाळीस, अडचण कोणती?

प्रश्न : बाल्कनीत आणि गच्चीवर बाग करणाऱ्या मुंबईकरांसाठी आम्ही आठ जण हौसेने एक ऑनलाइन व्यासपीठ चालवतो. नव्या सुविधा सुचवण्यासाठी दादरला बैठक घेतली, तेव्हा दोन तासांत चाळीस सूचना आल्या. पण बहुतेक दोघातिघांच्याच. गुण आणि बिल्ले, व्हिडिओ, खासगी गप्पांची सोय... यांतून निवड कशी करावी?
– एक वाचक, बोरिवली

उत्तर : आपल्या पत्रातील ‘दोघातिघांच्याच’ या शब्दापाशी मी थांबलो. एकत्र बसून, कोणावरही टीका न करता सुचेल ते बोलत जाण्याची पद्धत ॲलेक्स ऑसबर्न या अमेरिकी जाहिरात व्यावसायिकाने रूढ केली. मात्र १९५८ साली येल विद्यापीठातील संशोधकांनी पडताळून पाहिले, तेव्हा चौघांच्या गटापेक्षा एकेकट्याने विचार करणाऱ्या चौघांच्या कल्पनांची बेरीज जवळजवळ दुप्पट भरली. एक जण बोलत असताना बाकीच्यांना आपली कल्पना धरून थांबावे लागते आणि तेवढ्यात ती निसटते, हे त्याचे एक मोठे कारण पुढील प्रयोगांत दिसले. म्हणून पुढच्या वेळी पहिली पंधरा मिनिटे आठही जणांनी गप्प बसून कागदावर लिहावे आणि चर्चा त्यानंतर करावी.

त्याआधी सदस्यांना विचारावे. पण ‘कोणती सुविधा हवी?’ असे विचारू नये, कारण मग दुसऱ्या ॲपवर पाहिलेलीच गोष्ट सांगितली जाते. ‘मागच्या वेळी काय शोधायला आला होता आणि ते सापडले का?’ असे विचारावे. एक उदाहरण देतो. तुळशीच्या मंजिऱ्या कधी खुडाव्यात, याचे उत्तर आपल्याकडे बहुधा दहादा दिलेले असेल, तरीही दर पावसाळ्यात तोच प्रश्न येत असेल. यात सदस्यांचा आळस असेलच असे नाही. ‘ऱ्या’ हे जोडाक्षर काही कीबोर्ड टिंब दिलेल्या ‘ऱ’पासून घडवतात, तर काही साध्या ‘र’ला एक अदृश्य चिन्ह जोडून, पडद्यावर दोन्ही सारखीच दिसतात, पण संगणकाच्या लेखी ते दोन निराळे शब्द असतात आणि शोध रिकामा परततो. ‘ॲ’चीही हीच गत आहे. असा शोध दुरुस्त करणे दिखाऊ काम नव्हे, त्यामुळे बैठकीत ते कोणी मागत नाही. मी मात्र तेच सर्वांत आधी हाती घेतले असते.

दुसऱ्या क्रमांकावर अर्धवट लिहिलेला मजकूर आपोआप जतन होण्याची सोय ठेवावी. कल्याण लोकलमध्ये एका हाताने कडी धरून दुसऱ्या हाताच्या अंगठ्याने उत्तर लिहिणाऱ्या बाईंचे चार परिच्छेद नेटवर्क जाताच पुसले गेले, तर त्या पुन्हा लिहिण्याच्या फंदात पडत नाहीत.

गुण आणि बिल्ल्यांविषयी माझे मत प्रतिकूल आहे. त्यांच्यापायी ‘छान’ आणि ‘सुंदर’ अशा प्रतिक्रियांचाच पूर येतो. व्हिडिओ साठवण्याचा खर्च आठ जणांच्या खिशाला परवडेल का, तेही पाहावे. खासगी गप्पा तर व्हॉट्सॲपवर चालूच असतील.

शोध सुधारण्यापूर्वी एका महिन्यात तुळशीचा प्रश्न कितीदा आला, ते वहीत नोंदवून ठेवावे आणि पुढच्या वर्षी त्याच महिन्यात पुन्हा मोजावे.