चौकशी लागली, म्हणून ठेव सुरक्षित झाली का?

ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं. निवृत्त शिक्षिका, वय ६३. पतसंस्थेत ९ लाखांची एक वर्षाची ठेव, व्याज साडेदहा टक्के, मुदत संपायला चार महिने. गेल्या महिन्यात सहकारी संस्थांच्या निबंधक कार्यालयाने संस्थेवर कलम ८३ची चौकशी लावली. मॅनेजर म्हणतात, आता सरकारचंच लक्ष आहे, म्हणजे पैसे उलट जास्त सुरक्षित. ठेव पुढे चालू ठेवलीत तर अर्धा टक्का वाढवून देऊ. चेअरमन ओळखीतले, त्यामुळे पैसे मागायला तुम्हाला अवघड वाटतंय.

ठेव मोडा, आणि याच आठवड्यात अर्ज द्या.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० मधलं कलम ८३ निबंधकांना संस्थेचं कामकाज आणि आर्थिक स्थिती तपासायचा अधिकार देतं. ते स्वतःहून चौकशी लावू शकतात किंवा एक पंचमांश सभासदांच्या अर्जावरून. चौकशी अधिकारी दप्तर मागवतो, जबाब घेतो, अहवाल देतो. त्यात नुकसान दिसलं तर कलम ८८ खाली ते कोणाच्या अंगावर टाकायचं हे ठरतं, आणि संचालक-अधिकाऱ्यांकडून वसुली निघते. मग त्यावर अपील, स्थगिती, फेरतपासणी. गरज पडली तर संचालक मंडळ हटवून प्रशासक येतो, आणि अगदीच शेवटी कलम १०२ खाली संस्था अवसायनात जाते, म्हणजे गुंडाळली जाते. हे सगळे अधिकार खरे आहेत, आणि ते असायलाच हवेत. पण यातल्या एकानेही संस्थेच्या तिजोरीत एक रुपया वाढत नाही. पैसे कुठे गेले हे चौकशी सांगेल. तुमचे परत येतील असं वचन ती देत नाही.

मॅनेजर इथेच गल्लत करताहेत. सहकारी बँक अडचणीत आली तर ठेव विमा महामंडळाचं ५ लाखांपर्यंतचं संरक्षण असतं. पतसंस्था ही बँक नव्हे. तिथल्या ठेवीला तो विमा नाही.

संस्थेवर अन्याय नको म्हणून हेही सांगते: चौकशी म्हणजे घोटाळा सिद्ध झाला असं नाही. गावातल्या दोन गटांच्या भांडणातूनही तक्रारी होतात आणि किरकोळ त्रुटींवर प्रकरण मिटतं. इथेही तसंच असेल. पण ते कळेपर्यंत तुमचे निवृत्तीचे पैसे तिथे अडकवून ठेवायची किंमत मोजून बघू.

मुदतीआधी मोडल्याबद्दल दोन टक्के व्याज कापलं असं धरा: आठ महिन्यांचे १२,००० रुपये. तेच ९ लाख टपाल खात्याच्या ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत गेले, आणि एप्रिल २०२३ मध्ये लागू झालेला ८.२ टक्के दर धरला, तर उरलेल्या चार महिन्यांत ६,९०० रुपये कमी मिळतील. म्हणजे सुटकेचा खर्च १८,९००. उलट बाजूने, पतसंस्थेचं जादा व्याज वर्षाला २०,७००. मुद्दल बुडालं तर या जादा व्याजातून ते भरून निघायला ४३ वर्षं लागतील.

अर्ज लेखी द्या आणि पोच घ्या. शिक्का आणि तारीख बघून घ्या. "पुढच्या महिन्यात या" असं तोंडी उत्तर ऐकून परत येऊ नका. मोडायला नकार दिला, तर ठेवतारण कर्ज, म्हणजे ठेवीची पावती गहाण ठेवून कर्ज, मागा. दर थोडा जास्त पडेल, पण रक्कम हातात येईल आणि पुढे ते कर्ज ठेवीतूनच वळतं करून घेता येईल. फार कमी ठेवीदारांना हे वेळेवर सुचतं. माझ्या वडिलांनाही सुचलं नव्हतं. त्यांच्या संस्थेवर अवसायक आला, आणि त्यानंतर अनेक वर्षं ते यादीतला एक क्रमांक होते.

कोणी पावती ६०-७० टक्क्यांत विकत घेतो म्हणून दारात आलं, तर देऊ नका. घाबरलेल्या माणसाकडूनच असा सौदा होतो. ठेवीऐवजी शेअर्स घ्या असं सुचवलं तरी नाही म्हणा. ठेवीदार हा घेणेकरी, तो संस्थेकडे पैसे मागू शकतो; भागधारकाला सगळ्यांचं देऊन उरलं तरच मिळतं.

चौकशीचा आदेश आणि लेखापरीक्षण अहवाल निबंधक कार्यालयातून माहिती अधिकारात मागता येतात. पतसंस्था स्वतः त्या कायद्याखाली सहसा येत नाही, पण निबंधक येतात. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये हे स्पष्ट केलं आहे. अहवालात थकबाकीचं प्रमाण आणि लेखापरीक्षकाने संस्थेला दिलेला वर्ग आधी बघा.

चेअरमनना तोंड कसं दाखवू, असं तुम्ही लिहिलंय. हे पैसे तुमच्या औषधपाण्याचे आणि म्हातारपणाचे आहेत, आणि ते परत मागणं हा ठेवीच्या करारातलाच भाग आहे. लेखी अर्जानंतरही महिनाभरात पैसे आले नाहीत, तर पोच जोडून निबंधकांकडे तक्रार करा. तिथेही हलत नसेल तर ठेवीदारांसाठीच्या १९९९च्या एमपीआयडी कायद्याखाली पोलिसांत जाता येतं. त्या टप्प्यावर पावतीची आणि पोचेची झेरॉक्स घेऊन मला पुन्हा लिहा.